जबड्याखाली सूज आली की आधी जीभ बघा

चवथीच्या, म्हणजे गणेश चतुर्थीच्या, दुसऱ्या दिवसाची संध्याकाळ. गोव्यातल्या सत्तरी तालुक्यातला एक ट्रकचालक, वय चाळिशीच्या आसपास, बायको आणि मेहुण्याला घेऊन माझ्या दवाखान्यात आला. गळ्यात टॉवेल होता आणि त्याने तो दर अर्ध्या मिनिटाला तोंड पुसत होता, कारण स्वतःची लाळ त्याला गिळता येत नव्हती. टेबलावर आडवं व्हायला सांगितलं तर मानेनंच नाही म्हणाला. खुर्चीच्या कडेवर, हात गुडघ्यांवर रोवून, हनुवटी पुढे काढून बसून राहिला. "दोतोर, दाढ आठ दिवस दुखत होती," बायको म्हणाली. "म्हणाले, चवथ होऊ दे, मग काढू." गोळ्या घेतल्या होत्या, फार्मसीवाल्याला विचारून. लवंगेचं तेल लावून झालं होतं. फेणीची चूळ? मेहुणा खाली बघून हसला.

घरच्यांचं लक्ष हनुवटीखालच्या सुजेवर होतं. मी बघत होते त्याची जीभ. ती दातांच्या रांगेवर येऊन बसली होती, जणू खालून कोणी उशी सरकवली असावी.

हा लेख त्या उशीबद्दल आहे. गावात दवाखाना चालवणारे डॉक्टर आणि वैद्य, दंतवैद्यकाचे विद्यार्थी, आरोग्य केंद्रातल्या परिचारिका, आणि ज्यांच्या घरात कोणीतरी दाढ 'नंतर बघू' म्हणत बसलंय अशा सगळ्यांसाठी. मानेतल्या खोल जागांपैकी मी इथे एकच घेतली आहे, खालच्या जबड्याच्या कमानीतली, म्हणजे सबमँडिब्युलर जागा. बाकीच्या जागांची नावं पाठ करण्याआधी ही एक बोटांना कळली पाहिजे.

पहिली पायरी: आपल्याच तोंडात नकाशा शोधा

हात साबणाने धुवा आणि आरशासमोर उभे राहा. जिभेचं टोक टाळूला लावा. जिभेखाली मधोमध एक पातळ पडदा ताणलेला दिसेल आणि त्याच्या मुळाशी दोन्ही बाजूंना एकेक बारीक उंचवटा. लिंबाचा विचार केलात तर तिथे लाळ चमकेल. जबड्याखालच्या लाळग्रंथीची नळी, व्हार्टनची नलिका, तिथे उघडते. ती साधारण ५ सेंटिमीटर लांब असते आणि मागून पुढे येते.

आता एका हाताची तर्जनी जिभेच्या बाजूला, तोंडाच्या तळावर ठेवा. दुसऱ्या हाताची दोन बोटं बाहेरून, जबड्याच्या कडेच्या आत, वर दाबा. दोन्ही हातांच्या मधे जे मऊ, भिजवलेल्या कणकेसारखं लागतं, तीच आपली जागा. असंच धरून एक घोट गिळा. मधला एक पडदा ताणला जाऊन वर उचलला गेल्याचं बोटांना जाणवेल. तो मायलोहायॉइड स्नायू. जबड्याच्या एका बाजूपासून दुसऱ्या बाजूपर्यंत झोळी बांधावी तसा तो बांधलेला आहे. मागे तो हायॉइड या छोट्या, नालेच्या आकाराच्या हाडाला चिकटतो आणि मध्यरेषेवर दोन्ही बाजूंचे धागे एकमेकांत मिळतात.

झोळीच्या वर, जिभेच्या खाली, जो कप्पा उरतो तो सबलिंग्वल. त्यात जिभेखालची लाळग्रंथी, व्हार्टनची नळी, जिभेला संवेदना देणारी नस आणि जीभ हलवणारी नस असते. झोळीच्या खालचा कप्पा सबमायलोहायॉइड. त्यात जबड्याखालच्या ग्रंथीचा मोठा भाग, काही लसिका गाठी (लिम्फ नोड) आणि चेहऱ्याकडे जाणारी धमनी आहे. विद्यार्थी हे दोन कप्पे वेगळे काढतात आणि पाठ करतात. परीक्षेपुरतं ते बरोबर, पण रुग्णात ते वेगळे राहत नाहीत. हायॉइडला चिकटलेला मधला भाग सोडला, तर झोळीची मागची कड कशालाही शिवलेली नाही, ती मोकळी आहे. खुद्द लाळग्रंथीच त्या कडेला वळसा घालून थोडी वर, बरीचशी खाली बसलेली असते. ग्रंथीला जिथून वाट आहे, तिथून पूसुद्धा जातो.

दुसरी पायरी: कोणत्या दाढेचा पू कुठे उतरतो ते समजून घ्या

झोळी जबड्याच्या आतल्या बाजूला ज्या रेषेवर शिवलेली आहे ती रेषा आडवी नाही, तिरकी आहे. मागे अक्कलदाढेजवळ ती उंच असते आणि पुढे हनुवटीकडे येताना खाली उतरते. त्यामुळे दुसऱ्या आणि तिसऱ्या दाढेच्या मुळांची टोकं रेषेच्या खाली पडतात, तर पहिल्या दाढेची आणि तिच्या पुढच्या दातांची बहुधा वर. मागच्या दाढांपाशी हाडाची आतली भिंत बाहेरच्या भिंतीपेक्षा पातळ असते. मुळाशी साचलेला पू पातळ भिंत फोडतो आणि आत उतरतो. दुसऱ्या-तिसऱ्या दाढेचा थेट खालच्या कप्प्यात, पुढच्या दातांचा आधी जिभेखाली.

म्हणून खालची अक्कलदाढ किंवा तिच्या अलीकडची दाढ किडलेली असेल आणि बाहेरून गाल फारसा सुजलेला नसेल, तर निश्चिंत होऊ नका. पू गालाकडे न जाता आत गेलेला असू शकतो.

आणखी एक गोष्ट मी प्रत्येक रुग्णाला सांगते. आठ दिवस ठणकणारी दाढ अचानक शांत झाली तर आनंद मानायचं कारण नाही. दाताच्या आतली नस मेली, किंवा हाड फुटून दाब सुटला, तरी ठणका थांबतो. त्या ट्रकचालकाची दाढ चवथीच्या आदल्या रात्री शांत झाली होती. त्या आनंदात तो माटोळी, म्हणजे गणपतीवरची फळापानांची चौकट, बांधायला उभा राहिला.

तिसरी पायरी: सूज वर का जाते ते डोळ्यांसमोर आणा

या जागेची रचना पेटीसारखी आहे. पुढे आणि दोन्ही बाजूंना जबड्याचं हाड. खाली जबड्यापासून हायॉइडपर्यंत ताणलेलं फेशियाचं आवरण, पातळ पण चिवट, फारसं न ताणलं जाणारं. तिन्ही बाजू बंद. आत पाणी, सूज किंवा पू भरू लागला की जागा कुठून मिळणार? वरून, कारण वर फक्त तोंडाच्या तळाची मऊ त्वचा आणि जीभ आहे. जीभ आधी वर उचलली जाते, मग मागे ढकलली जाते. मागे श्वासाची वाट आहे.

एवढं कळलं तर बाकीचं सगळं आपोआप सुचतं. हा माणूस आडवा का होत नाही? आडवा झाला की ती जड जीभ आणखी मागे घसरते. तो हनुवटी पुढे का काढतो? जीभ थोडी पुढे ओढली जाते म्हणून. तोंडात सुपारी धरून बोलल्यासारखा आवाज का येतो? जिभेला हलायला जागा उरली नाही म्हणून.

दोन्ही बाजूंचे, वरचे-खालचे सगळे कप्पे वेगाने सुजले की त्या अवस्थेला लुडविग अँजायना म्हणतात. जर्मनीतल्या स्टुटगार्टचे वैद्य विल्हेल्म फ्रीडरिख फॉन लुडविग यांनी १८३६ साली तिचं वर्णन केलं. हे 'अँजायना' हृदयाचं नव्हे, मूळ लॅटिन शब्द गळा आवळण्याचा. तरी नातेवाईक कागदावर तो शब्द वाचतात आणि विचारतात, ईसीजी काढला का? दरवेळी विचारतात.

लुडविगमध्ये सुरुवातीला पू कमी आणि सूज जास्त असते. ती लसिका गाठींतून न पसरता फेशियाच्या थरांतून पसरते. म्हणून गाठ हाताला लागत नाही, सगळा भाग फळीसारखा टणक लागतो. प्रतिजैविकं नव्हती त्या काळात याचे निम्म्याहून अधिक रुग्ण दगावत. आज बहुतेक वाचतात, पण अट एकच, श्वासाची वाट वेळेवर सांभाळली गेली पाहिजे.

चौथी पायरी: तपासणीचा क्रम उलटा करा

सवयीने आपला हात आधी सुजेवर जातो. तो मागे ठेवा. रुग्ण दारातून येतानाच तपासणी सुरू होते: तो कसा बसला, आडवा होऊ शकतो का, लाळ गिळतो की गळू देतो. त्याला नाव-गाव विचारा आणि आवाज ऐका. श्वास घेताना घरघर किंवा शिट्टीसारखा आवाज ऐकू आला, तर पुढचं तपासणं सोडून थेट सहाव्या पायरीवर जा. तो आवाज उशिराची खूण आहे.

मग त्याला स्वतःची तीन बोटं उभी एकावर एक धरून तोंडात घालायला सांगा. निरोगी माणसाची मावतात. दोनच मावली तर जबड्याचे स्नायू आखडले आहेत. एकही मावत नसेल, तर बेशुद्ध करून नळी टाकणं अवघड जाणार, आणि हे मोठ्या रुग्णालयाला फोनवर आधीच सांगायला हवं.

जीभ बाहेर काढायला सांगा. ओठांच्या पलीकडे येते का? जिभेखालचा तळ किती वर आलाय? खालच्या दातांच्या कडेएवढा किंवा त्यावर आला असेल तर वरचा कप्पा भरलाय. मग हातमोजा घालून, पहिल्या पायरीत सांगितली तशी दोन हातांची तपासणी. कणकेऐवजी फळी लागली तर निदान जवळजवळ झालं. मी पहिल्यांदा ती फळी हाताला लागली तेव्हा एमएसच्या पहिल्या वर्षाला होते. बोट तोंडात असतानाच वरिष्ठांकडे पाहिलं आणि त्यांनी फक्त मान हलवली.

तोंड उघडत नसेल, तर बळजबरीने लाकडी पट्टी आत घालू नका. अशा माणसाला ओकारी आली किंवा तो घाबरला, की अर्धवट उघडी वाटही बंद होऊ शकते.

आता मान. दोन्ही बाजू सुजल्या आहेत का? सूज हायॉइडच्या खाली, छातीकडे उतरते आहे का? त्वचा लाल आहे का, बोटाने दाबल्यावर करकर लागते का? करकर म्हणजे आत वायू, आणि तो फार वाईट पाहुणा. ताप, नाडी, रक्तदाब, श्वासांची संख्या लिहून ठेवा. बोटावरचा ऑक्सिमीटर लावा, पण त्याच्यावर विसंबू नका. माणूस जोर लावून श्वास घेत असतो तोवर आकडा ९७-९८ राहतो, आणि मग काही मिनिटांत कोसळतो.

रक्तातली साखर न चुकता तपासा. मधुमेह असेल तर सूज झपाट्याने पसरते आणि जंतूही वेगळे असू शकतात, क्लेब्सिएला त्यातला मुख्य. साखर आहे हे माहीतच नसलेल्या माणसाला ती पहिल्यांदा अशाच दाढेच्या निमित्ताने कळते, हे मी अनेकदा पाहिलंय.

पाचवी पायरी: सारख्या दिसणाऱ्या गोष्टी बाजूला काढा

एकाच बाजूला, जेवताना फुगणारी आणि तासाभराने ओसरणारी सूज असेल तर लाळेच्या नळीतला खडा. लाळेचे बहुतेक खडे याच ग्रंथीत होतात, कारण तिची नळी लांब, वर चढणारी आणि लाळ घट्ट. खडा कधी कधी बोटाला लागतो. जिभेखाली निळसर, मऊ, बेडकाच्या पोटासारखा फुगा असेल आणि तापबीप काही नसेल तर रॅन्युला. गालफुगीत कानाखालचा भाग फुगतो, पण जबड्याखालच्या ग्रंथीही सुजू शकतात. मुलांमध्ये साधी लसिका गाठ सुजलेली असण्याची शक्यता जास्त, आणि ती हाताला सुटी, गोल लागते.

एक मात्र लक्षात ठेवायलाच हवी. ताप नाही, दाढ दुखत नाही, पण जीभ आणि ओठ तासाभरात मऊ फुगले, तर रक्तदाबाच्या गोळ्या विचारा. एनालाप्रिल, रॅमिप्रिल या वर्गातली औषधं वर्षानुवर्षं घेतल्यावरही एखाद्या दिवशी अशी सूज आणतात. तिथे दाढ काढून उपयोग नाही. धोका मात्र तोच, श्वासाचा, आणि धावपळही तीच. रक्त पातळ करणाऱ्या गोळ्या घेणाऱ्यांत तोंडाच्या तळाशी रक्त साचूनही जीभ वर येते. ते जांभळं दिसतं.

सहावी पायरी: पहिला तास

बसलेल्याला बसू द्या, शक्य तितकं ताठ. ऑक्सिजन असेल तर लावा. १०८ ला फोन करा आणि 'दाढ सुजली' असं न सांगता 'श्वास अडतोय, जीभ वर आली आहे' असं सांगा. शब्द बदलले की हालचाल बदलते. बांबोळीला गोवा वैद्यकीय महाविद्यालय आणि दंत महाविद्यालय एकाच परिसरात आहेत, त्यामुळे घसा, जबडा आणि भूल या तिन्ही विषयांची माणसं एका ठिकाणी मिळतात. गोव्याच्या दक्षिण टोकाच्या काणकोणहून बांबोळी ६० किलोमीटरांहून लांब. वाटेत प्रकृती ढासळली तर मडगावच्या जिल्हा रुग्णालयात थांबा, तसं आधीच ठरवून निघा. निघण्याआधी फोन करून तीन गोष्टी सांगा: तोंड किती बोटं उघडतं, साखर किती, शेवटचं खाणं-पिणं कधी.

शीर मिळत असेल तर सलाइन लावा आणि प्रतिजैविकाचा पहिला डोस तिथेच द्या. तोंडातले जंतू मिश्र असतात, हवेत वाढणारे आणि हवेशिवाय वाढणारेही. त्यामुळे अँपिसिलिन-सल्बॅक्टम, किंवा पेनिसिलिनबरोबर मेट्रोनिडाझोल अशी जोडी लागते. पेनिसिलिनची अ‍ॅलर्जी असेल तर क्लिंडामायसिन. डोस वजन आणि मूत्रपिंडं बघून, तुमच्या नेहमीच्या तक्त्याने. पण इंजेक्शनच्या नादात रुग्णवाहिका थांबवून ठेवू नका.

काय करू नये, ते घरच्यांनाही सांगावं लागतं. गरम वाळूचा किंवा विटेचा शेक नको, हळद-चुन्याचा लेप नको. बाहेरून कातडं भाजतं आणि आतली सूज तशीच राहते. झोपेची गोळी किंवा गुंगीचं इंजेक्शन तर मुळीच नको. घाबरलेला, धडपडणारा रुग्ण शांत व्हावा असं कुणालाही वाटतं, पण तो त्या धडपडीवरच श्वास ओढत असतो. पेज पाजू नका, शस्त्रक्रियेसाठी पोट रिकामं हवं. आणि सुई टोचून 'पू येतो का बघू' हे दवाखान्यात करू नका.

त्या संध्याकाळी मी पुढे गाडीतून गेले. तो १०८ मध्ये स्ट्रेचरवर न झोपता बाजूच्या बाकावर बसला होता. बायकोने त्याच्या कपाळाला हात लावून ठेवला होता.

सातवी पायरी: रुग्णालयात काय होतं

नातेवाईकांना आधी सांगून ठेवलं की ते गोंधळत नाहीत. पहिला निर्णय श्वासाचा. माणूस जागा असताना, नाक बधिर करून, लवचीक दुर्बिणीवरून नाकातून नळी श्वासनलिकेत सरकवणं ही पहिली पसंती. ते जमणार नाही असं वाटलं, तर मानेत खालच्या बाजूला जागा बधिर करून श्वासनलिकेला छिद्र, म्हणजे ट्रॅकिओस्टोमी. हे ऐकून घरचे खचतात. ते तात्पुरतं असतं आणि बहुतेकांचं काही दिवसांत बंद होतं, हे स्पष्ट सांगा.

औषध टोचून घेतलेला सीटी स्कॅन पू कुठे साचलाय आणि कुठवर उतरलाय ते दाखवतो. मात्र त्यासाठी आडवं व्हावं लागतं. आडवा न होऊ शकणारा रुग्ण श्वासाची सोय न करता सीटीच्या खोलीत पाठवणं ही या आजारातली सर्वांत महागडी चूक आहे, असं माझं ठाम मत आहे.

पू साचला असेल, किंवा औषधांनी एक-दोन दिवसांत उतार पडला नाही, तर छेद. हनुवटीखाली आणि जबड्याच्या कडेखाली साधारण दोन बोटं सोडून. ही दोन बोटं उगाच नसतात. जबड्याच्या कडेजवळून खालचा ओठ हलवणारी बारीक नस जाते, ती कापली तर ओठ वाकडा होतो. छेदातून झोळी छेदून वरचा कप्पाही मोकळा करतात आणि रबरी नळ्या ठेवतात. कधी पू निघतो, कधी फक्त गढूळ, घाण वासाचं पाणी. पाणी निघालं म्हणून छेद वाया गेला असं होत नाही, दाब सुटला हे महत्त्वाचं. कारण असलेली दाढ त्याच बैठकीत काढतात. ती आत राहिली तर सगळं पुन्हा होऊ शकतं.

या जागेची मागची बाजू घशाच्या बाजूच्या जागेत उघडते, तिथून घशाच्या मागे आणि मग मणक्यासमोरून छातीत. मानेची मोठी रक्तवाहिनीही त्याच वाटेवर आहे. म्हणून मान वळवता न येणं, छातीत दुखणं, किंवा ताप उतरल्यावर पुन्हा थंडी वाजणं दिसलं तर सीटी छातीपर्यंत हवा.

आठवी पायरी: घरी आल्यावर, आणि न जावं लागावं म्हणून

किडलेली दाढ, अर्धवट वर आलेली अक्कलदाढ आणि तिच्यावर वारंवार सुजणारी हिरडीची टोपी, या सगळ्यांसाठी गोव्यातल्या बऱ्याच प्राथमिक आरोग्य केंद्रांत दंतवैद्य बसतात. प्रतिजैविकाच्या गोळ्या दोन दिवस घेऊन सोडणं आणि वेदनाशामकावर आठवडा काढणं, दोन्हीने ताप झाकला जातो, जंतू तसेच राहतात. स्टिरॉइड चालू असणाऱ्यांनी आणि मधुमेही मंडळींनी तर सुजेची वाटच बघू नये. सण आणि पाहुणे असतानाही दाढ काढता येते. अर्ध्या तासाचं काम आहे आणि नेवऱ्या दुसऱ्या बाजूने खाता येतात.

शस्त्रक्रियेनंतर तोंड आखडलेलं राहतं. ते आपोआप सुटेल म्हणून थांबू नका. आइस्क्रीमच्या स्वच्छ काड्या घ्या, एकावर एक रचा, पुढच्या दातांच्या मधे धरा आणि ताण जाणवेल तिथे थोडा वेळ थांबा. दिवसातून चार-पाच वेळा. जमेल तशी एकेक काडी वाढवा. दुखलं तर तेवढ्यावरच थांबा.

ट्रकचालक तीन आठवड्यांनी आला तेव्हा त्याच्या शर्टाच्या खिशात रबराने बांधलेला काड्यांचा गठ्ठा होता. हनुवटीखालचा व्रण दाढी वाढवून झाकलेला. मी तोंड उघडायला सांगण्याआधीच त्याने गठ्ठा दातांत धरला आणि बायकोकडे बघितलं. तिने एकेक काडी बोटाने मोजली. अठरा.